शालेय चिनी वाद्यवृंदांचे स्पर्धा-परीक्षण

शालेय चिनी वाद्यवृंदांचे स्पर्धा-परीक्षण म्हणजे विद्यार्थ्यांच्या संगीत महोत्सवांत व स्पर्धांत सहभागी होणाऱ्या चिनी पारंपरिक वाद्यांच्या वृंदांचे तज्ज्ञ परीक्षकांकडून होणारे मूल्यमापन होय. सिंगापूर, हाँगकाँग आणि तैवान या तीन ठिकाणी ही पद्धत विशेष रुजलेली असून तिन्ही ठिकाणचे नियम, श्रेणी आणि परीक्षणामागील भूमिका एकमेकींपासून बऱ्याच वेगळ्या आहेत. सिंगापुरात हे परीक्षण शिक्षण मंत्रालयाच्या सिंगापूर युवा महोत्सवात, हाँगकाँगमध्ये प्रामुख्याने हाँगकाँग शालेय संगीत महोत्सवात, तर तैवानात राष्ट्रीय विद्यार्थी संगीत स्पर्धेत होते.

या वाद्यप्रकाराला प्रदेशानुसार निरनिराळी नावे आहेत. चीनच्या मुख्य भूमीवर त्यास 'मिन्यूए' (लोकसंगीत), तैवानात 'गुओयूए' (राष्ट्रीय संगीत), हाँगकाँगमध्ये 'जोंगयूए' (चिनी संगीत) आणि सिंगापूर व मलेशियात 'हुआयूए' (चिनी वंशीयांचे संगीत) म्हणतात. चारही नावांखाली वाजणारी वाद्ये बहुतांशी तीच असली तरी नावांतील हा भेद निव्वळ शाब्दिक नाही. आपले संगीत 'राष्ट्रीय' मानायचे की 'वंशीय', याचा परिणाम स्पर्धेसाठी कोणत्या रचना नेमल्या जातात यावरही होतो.

== पार्श्वभूमी ==

आजच्या स्वरूपातील चिनी वाद्यवृंद ही प्राचीन संस्था नव्हे. शांघाय येथे १९२०च्या सुमारास स्थापन झालेल्या दातोंग संगीत मंडळाने निरनिराळी पारंपरिक वाद्ये एकत्र बसवण्याचे प्रयोग केले. १९३५ मध्ये नानजिंगच्या मध्यवर्ती नभोवाणी केंद्रात असा वृंद तयार झाला. १९४९ नंतर पेइचिंगमध्ये पंग श्योउवन यांच्यासारख्या संचालकांनी त्याची मांडणी पाश्चात्त्य सिंफनी वाद्यवृंदाच्या धर्तीवर पक्की केली. पुढे हाँगकाँग (१९७७), तैपेई (१९७९) आणि सिंगापूर (१९९६) येथे व्यावसायिक चिनी वाद्यवृंद उभे राहिले. शाळांतील वृंदांना शिक्षक, परीक्षक आणि नव्या रचना पुरवण्याचे काम मुख्यतः या व्यावसायिक संस्थांमधील वादक व संगीतकारांनी केले आहे.

हा इतिहास परीक्षणाच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे. वृंदाचा सांगाडा पाश्चात्त्य आणि वाद्ये चिनी, अशी ही रचना असल्याने तिचे मूल्यमापन कोणत्या कसोटीवर करावे हा प्रश्न तिच्या जन्मापासूनच तिच्यासोबत आहे.

== वृंदाची रचना ==

वृंदाचे चार विभाग असतात: गजाने वाजवायची, छेडून वाजवायची, फुंकून वाजवायची आणि आघाताची वाद्ये. गजाच्या विभागात अरहू हे प्रमुख वाद्य असते. त्याहून उंच स्वराचे गाओहू व खालच्या स्वराचे जोंगहू त्याच्या जोडीला असतात. खर्जासाठी बहुतेक शाळांत पाश्चात्त्य चेलो आणि डबल बास हीच वाद्ये वापरली जातात. छेडण्याच्या विभागात पीपा, ल्यूछिन, रुआन, सानश्यान व गुजंग असतात. दोन काड्यांनी तारांवर आघात करून वाजवले जाणारे यांगछिनही याच विभागात बसते. ते संतूरच्या कुळातील आहे. फुंकवाद्यांत दीझी ही आडवी बासरी, शंग हे अनेक नळ्यांचे मुक्तपत्ती वाद्य आणि सुओना यांचा समावेश होतो. दुहेरी पत्तीचे व शंक्वाकार नळीचे सुओना हे सनईचे भावंडच म्हणावे लागेल. आघातवाद्यांत लहानमोठे ढोल, झांजा व अनेक प्रकारच्या घंटा येतात.

शाळांतील बरेच वादक अंकलिपीतून वाजवतात. हिच्यात १ ते ७ हे आकडे स्वर दर्शवतात आणि १ हा स्वर कोणत्या पट्टीत घ्यावा हे रचनेच्या आरंभी लिहिलेले असते. भारतीय सरगममध्ये षड्ज हलता असतो, तसाच हा प्रकार आहे. परीक्षकांसमोर मात्र सर्व वाद्यांच्या ओळी एकाखाली एक मांडलेली संपूर्ण संहिता असते. तीवरून कोणत्या विभागाने काय गाळले किंवा सोपे केले हे त्यांना तत्काळ दिसते.

== परीक्षक काय ऐकतात ==

निकषांची नावे स्पर्धेगणिक बदलतात. सुरेलपणा, नादगुण, लय, परस्परमेळ, वादनतंत्र आणि आशयाची मांडणी हे मुद्दे मात्र सर्वत्र कोणत्या ना कोणत्या रूपात आढळतात.

यांपैकी सुरेलपणा ही शालेय वृंदांची सर्वांत दुखरी जागा होय. अरहूला दोनच तारा असतात व त्या एकमेकींपासून पंचमाच्या अंतरावर जुळवलेल्या असतात. गज या दोन तारांच्या मधून फिरतो, आणि बोटांखाली पट्टी नसल्यामुळे तार हवेतच दाबावी लागते. बोटाचा दाब किंचित वाढला तरी स्वर चढतो. एकटा वादक ही चूक घसरणीत लपवू शकतो. वीस मुले एकच ओळ वाजवू लागली की प्रत्येकाचा सूक्ष्म फरक एकत्र येऊन स्वराची रेघ जाड व धूसर होते. वरच्या स्थानात ओळ गेल्यावर अरहू विभाग एकस्वरात राहतो की नाही, यावरून अनुभवी परीक्षक पहिल्या मिनिटातच वृंदाच्या तयारीचा अंदाज बांधतो.

या अडचणीत हवामानाची भर पडते. अरहूच्या ध्वनिपेटीवर अजगराचे कातडे ताणलेले असते आणि ते दमट हवेत सैल होते. दीझीच्या एका छिद्रावर बोरूच्या आतील पातळ पापुद्रा चिकटवतात. तिच्या आवाजातील झणझणीत गोडी या पापुद्र्यामुळे येते, पण तो ओलसर झाला की आवाज बसतो आणि फार ताणला गेला की कर्कश होतो. उष्ण व दमट हवेतून वादक वातानुकूलित सभागृहात आले की गजाची आणि फुंकीची वाद्ये निरनिराळ्या दिशांनी सरकू लागतात. यांगछिनला शंभराहून अधिक तारा असल्याने ते ऐनवेळी पुन्हा जुळवणे शक्य नसते. म्हणून बाकीच्या वृंदाने यांगछिन व शंग यांच्याशी जुळवून घ्यावे, असा सल्ला प्रशिक्षक देतात. रंगमंचावर जुळवणीसाठी मिळणारा अवधी थोडा असतो आणि तो कसा वापरला जातो हेही परीक्षकांच्या नजरेतून सुटत नाही.

सुरेलपणाच्या निकषामागे एक गृहीतकही आहे. आधुनिक वृंदातील वाद्ये बारा समान श्रुत्यंतरांच्या पाश्चात्त्य स्वरव्यवस्थेला अनुसरून सुधारलेली आहेत. जुन्या दीझीची व सुओनाची छिद्रे साधारण समान अंतरावर पाडलेली असत. त्यामुळे त्यांचे काही स्वर आजच्या कानाला कोमल आणि शुद्ध यांच्या मध्ये कुठेतरी लागल्यासारखे वाटतात. एखाद्या प्रादेशिक लोकधुनेवर आधारित रचनेत तो मधला स्वर मुद्दाम लावला, तर त्यास बेसूर म्हणावे की शैलीदार, हे परीक्षकाच्या जाणकारीवर अवलंबून राहते.

परस्परमेळाच्या बाबतीत विभागांचे संतुलन हा कळीचा मुद्दा असतो. चिनी वाद्ये मुळात खुल्या जागेत, चहागृहात किंवा एकल वादनासाठी घडलेली आहेत आणि प्रत्येकाचा नाद ठळकपणे वेगळा उठतो. व्हायोलिनच्या कुळातील वाद्यांसारखी ती एकमेकांत विरघळत नाहीत. दोन सुओना जोरात वाजू लागल्या की तीस छेडवाद्ये ऐकू येईनाशी होतात. पीपावर पाचही बोटांनी साधला जाणारा सलग झंकार सर्व मुलांचा सारख्या घनतेचा नसेल, तर विभागाचा आवाज खडबडीत होतो. खर्जाची बाजू चेलो-बासवर सोपवावी लागत असल्याने तेथे दुबळे वादक असले की सगळा वृंद अधांतरी वाटतो. वृंद लहान असेल, तर मोठ्या संचासाठी लिहिलेली रचना निवडण्याचा मोह घातक ठरतो. परीक्षकांच्या शेऱ्यांत 'रचनेची निवड वृंदाच्या ताकदीला साजेशी नाही' या अर्थाचे वाक्य वारंवार येते.

आशयाच्या मांडणीत 'युन्वेई' ही संकल्पना मध्यवर्ती आहे. रसवत्ता किंवा स्वराचा लहेजा असा तिचा अर्थ सांगता येईल. एका स्वरावरून दुसऱ्यावर जाताना घेतलेली घसरण (हिंदुस्तानी संगीतातील मींड तिच्या जवळची), स्वरकंपनाची गती, स्वर सोडण्याची रीत या लहानसहान गोष्टींतून प्रादेशिक शैली प्रकट होते. क्वांगतुंग प्रांतातील धुन वाजवताना गाओहूच्या घसरणी वेगळ्या असतात. यांगत्सेच्या खोऱ्यातील रेशीम-बांबू परंपरेत प्रत्येक वाद्य तीच चाल आपापल्या परीने नटवते, तर उत्तरेकडील ढोल-सुओनाच्या मिरवणूक संगीतात भर जोमावर असतो. केवळ लिहिलेले स्वर बिनचूक वाजवणाऱ्या वृंदाला तंत्राचे गुण मिळतात, पण वरची श्रेणी बहुधा इथे हुकते. चिनी पंचस्वरी 'गोंग' थाटाचे स्वर भूपाचेच आहेत. तरीही त्यात भूप ऐकू येत नाही, याचे कारण या लहेजातच आहे.

== सिंगापूर ==

सिंगापूर युवा महोत्सव १९६७ मध्ये सुरू झाला. त्यातील शालेय कलापथकांचे मूल्यमापन दीर्घकाळ 'केंद्रीय परीक्षण' या नावाने होत असे आणि २०१२ पर्यंत विशेष सन्मानासह सुवर्ण, सुवर्ण, रौप्य व कांस्य अशा श्रेणी दिल्या जात. २०१३ पासून या उपक्रमास 'कला सादरीकरण' असे नाव देण्यात आले आणि पदकांऐवजी प्रावीण्य, संपादन व प्रशंसा अशी तीन प्रमाणपत्रे आली. चुरस कमी व्हावी आणि शिकण्यावर भर यावा, हा बदलामागील उद्देश होता. माध्यमिक शाळांची व कनिष्ठ महाविद्यालयांची पाळी एका वर्षी, तर प्राथमिक शाळांची पुढील वर्षी, असे चक्र ठरलेले आहे. म्हणजे एका वृंदाला दोन वर्षांतून एकदाच संधी मिळते.

येथे शाळांना पहिला-दुसरा क्रमांक दिला जात नाही. प्रत्येक वृंद ठरावीक दर्जाशी ताडून पाहिला जातो, त्यामुळे एकाच श्रेणीत कितीही शाळा येऊ शकतात. वृंदाने एक नेमलेली आणि एक ऐच्छिक रचना वाजवायची असते. नेमलेली रचना सर्वांना समान असल्याने तुलना सोपी जाते. ऐच्छिक रचनेतून प्रशिक्षकाची अभिरुची आणि वृंदाविषयीची त्याची समज दिसते. नेमलेल्या रचना स्थानिक संगीतकारांकडून लिहून घेण्याच्या प्रथेमुळे सिंगापुरात शालेय वृंदांसाठी स्वतंत्र संगीतसाहित्य निर्माण झाले. मलय व इंडोनेशियन चाली, गामेलानचा नाद यांचा चिनी वाद्यांतून केलेला वापर 'नानयांग' (दक्षिण समुद्र) शैली म्हणून ओळखला जातो. वांग चनवेई यांची 'द सिस्टर्स आयलंड्स' ही २००६ची रचना या शैलीचे परिचित उदाहरण होय. पंग श्योउवन यांनी चिनी वृंदासाठी बांधलेले 'याओ लोकांचे नृत्य' किंवा न्ये अर यांचे 'सोनेरी सापाचे नृत्य' यांसारख्या जुन्या रचना नवशिक्या वृंदांत आजही लोकप्रिय आहेत.

परीक्षक मंडळात स्थानिक तज्ज्ञांसोबत परदेशी तज्ज्ञही असतात. सिंगापूरसारख्या लहान क्षेत्रात याची गरज उघड आहे. एकच संचालक अनेक शाळांचे वृंद चालवतो, व्यावसायिक वृंदातील वादक शाळाशाळांत विभागवार शिकवणी घेतात आणि जाणकारांची संख्या मर्यादित असते. अशा स्थितीत ज्याचा कोणाशीच संबंध नाही असा स्थानिक परीक्षक मिळणे कठीण जाते.

निकालाचे महत्त्व रंगमंचापुरते मर्यादित नाही. सिंगापुरात माध्यमिक शाळेत सहशालेय उपक्रम सक्तीचा असतो आणि त्यातील कामगिरीची नोंद २०१४ पासून 'लीप्स २.०' या आराखड्यानुसार सहभाग, संपादणूक, नेतृत्व व सेवा या चार अंगांनी होते. एकंदर 'उत्कृष्ट' नोंद मिळालेल्या विद्यार्थ्यास पुढील प्रवेशाच्या वेळी दोन आणि 'चांगली' नोंद मिळालेल्यास एका गुणाची सवलत मिळते. तेथील प्रवेशगुणांत कमी आकडा चांगला मानला जात असल्याने हे गुण एकूण बेरजेतून वजा होतात. याखेरीज २००४ पासून सुरू झालेल्या थेट प्रवेश योजनेत सहावीतील मुलांना वाद्यवादनाच्या बळावरही माध्यमिक शाळेत जागा मिळू शकते. त्यामुळे पीपा किंवा अरहूची शिकवणी काही कुटुंबांत छंदाऐवजी प्रवेशाची तयारी म्हणून सुरू होते. श्रेणींची नावे बदलल्याने ही ओढ संपलेली नाही.

== हाँगकाँग ==

हाँगकाँग शालेय संगीत महोत्सव १९४९ पासून भरत असून त्याची घडण ब्रिटिश संगीत महोत्सवांच्या धर्तीवर झाली आहे. या परंपरेत परीक्षक केवळ गुण देऊन थांबत नाही. गटातील सर्वांचे वादन झाले की तो मंचावर उभा राहून, श्रोत्यांसमोर आणि मुलांसमोर, आपले म्हणणे मांडतो. कोणाचे काय साधले, कोठे लय धावली, संचालकाने कोणत्या विभागाकडे दुर्लक्ष केले, हे सर्व तेथेच ऐकायला मिळते. लेखी शेऱ्यांचा कागद नंतर शाळेला दिला जातो. गुण शंभरांपैकी असून परंपरेने ९० किंवा अधिक गुणांस सन्मान, ८० ते ८९ गुणांस गुणवत्ता आणि ७५ ते ७९ गुणांस प्रावीण्य प्रमाणपत्र देण्याची पद्धत आहे. शिवाय गटात क्रमांकही काढले जातात.

जाहीर शेरेबाजीची ही रीत कठोर वाटली तरी तिचा शैक्षणिक लाभ मोठा आहे. निर्णयाची कारणे सर्वांसमोर सांगावी लागत असल्याने परीक्षकालाही सावध राहावे लागते, आणि हरलेल्या वृंदाला विजेत्याच्या वादनात काय ऐकायचे होते हे कळते. सिंगापूरच्या बंद पाकिटातील श्रेणीपेक्षा या बाबतीत हाँगकाँगची पद्धत सरस ठरते.

याव्यतिरिक्त शासनाच्या संगीत कार्यालयातर्फे भरणाऱ्या हाँगकाँग युवा संगीत मेळाव्यातही चिनी वाद्यवृंदांचा गट असतो व त्यात सुवर्ण, रौप्य, कांस्य पुरस्कार दिले जातात.

== तैवान ==

तैवानची राष्ट्रीय विद्यार्थी संगीत स्पर्धा दोन टप्प्यांत होते. प्रथम जिल्हा व शहर पातळीवर प्राथमिक फेरी आणि तीतून निवडलेल्या वृंदांची नंतर अंतिम फेरी. अंतिम फेरीत ९० व त्यावरील गुणांना 'विशेष उत्कृष्ट', ८५ ते ९० मध्ये 'उत्कृष्ट' व ८० ते ८५ मध्ये 'प्रथम वर्ग' अशा श्रेणी मिळतात. नेमलेली रचना व ऐच्छिक रचना ही विभागणी येथेही आहे. मोठ्या वृंदाखेरीज लहान संचाच्या रेशीम-बांबू वादनाचा स्वतंत्र गट असतो.

तैवानच्या नियमांतील एक तरतूद इतरत्र अनुकरणीय वाटते. काही शाळांत संगीताचे खास वर्ग असतात व तेथील मुले रोजच्या वेळापत्रकातच वाद्य शिकतात. अशा वर्गांचे वृंद आणि सामान्य शाळांतील हौशी वृंद यांना निरनिराळ्या गटांत ठेवले जाते. आठवड्यातून दोन दिवस शाळा सुटल्यावर जमणाऱ्या मुलांना भावी व्यावसायिकांशी तोलणे अन्यायाचे ठरते, हे तेथे नियमातच मान्य केले आहे. वेळेची मर्यादा मात्र काटेकोर आहे आणि ती ओलांडल्यास गुण कापले जातात.

== गुणांची बेरीज ==

तीन किंवा अधिक परीक्षकांचे गुण एकत्र कसे करावेत याच्या काही रीती आहेत. साधी सरासरी घेतल्यास एखाद्या परीक्षकाने मुद्दाम फार कमी वा फार जास्त गुण देऊन निकाल फिरवण्याची शक्यता राहते. ती टाळण्यासाठी सर्वांत वरचा आणि सर्वांत खालचा आकडा वगळतात, किंवा परीक्षकांनी चर्चा करून एकमताने श्रेणी ठरवावी असा नियम करतात. चर्चेच्या पद्धतीत ज्येष्ठ परीक्षकाचे मत प्रभावी ठरण्याचा धोका असतो. वादनक्रमाचा परिणामही नाकारता येत नाही. सकाळी पहिल्या आलेल्या वृंदाला परीक्षक हात राखून गुण देतात, अशी समजूत शाळांमध्ये सर्वत्र आढळते. क्रम चिठ्ठ्या टाकून ठरवला, तरी तक्रारीचे तोंड बंद होते, परिणाम नाहीसा होत नाही.

== आक्षेप ==

सर्वांत मोठा आक्षेप तयारीच्या पद्धतीवर आहे. परीक्षणाच्या वर्षी अनेक वृंद महिनोन्महिने त्याच दोन रचना घोटतात. मुले त्या दोन रचना उत्तम वाजवतात, पण तिसरी समोर ठेवली तर वाचता येत नाही. घोकून उत्तीर्ण होणे हा प्रकार संगीताच्या क्षेत्रातही असा शिरला आहे, आणि केवळ सादरीकरण ऐकणाऱ्या परीक्षकाला ते ओळखण्याचे साधन नसते. प्रथमदर्शनी वाचनाची कसोटी या स्पर्धांत सहसा नसते.

दुसरा आक्षेप पैशाचा. चांगली वाद्ये, प्रत्येक विभागासाठी वेगळा शिक्षक, नामांकित संचालक आणि सरावासाठी सभागृह यांचा खर्च सर्व शाळांना सारखा झेपत नाही. जेथे शाळेची परंपरा जुनी असते, माजी विद्यार्थी मदतीला येतात आणि पालक घरी स्वतंत्र शिकवणी लावतात, तेथील वृंद आणि नव्याने सुरू झालेला वृंद एकाच पट्टीने मोजले जातात. निश्चित दर्जावर आधारलेल्या परीक्षणात शाळाशाळांची स्पर्धा नाही असे म्हटले, तरी हा फरक गुणांत उतरतोच.

तिसरा आक्षेप सौंदर्यदृष्टीचा असून तो चिनी संगीताच्या अभ्यासकांकडून येतो. एकसारखा आवाज, काटेकोर एकत्र आरंभ, भव्य चढउतार यांना गुण मिळत असल्याने प्रशिक्षक तशाच चित्रपटी धाटणीच्या, ढोल-झांजांनी शेवट गाजवणाऱ्या रचना निवडतात. संथ, विरळ आणि प्रत्येक वाद्याला स्वतःची वाट देणाऱ्या पारंपरिक रचना स्पर्धेच्या मंचावरून हळूहळू मागे पडतात. त्या वाजवण्यात धोका अधिक आणि टाळ्या कमी असतात.

== वाद्यांविषयीचे नियम व बदल ==

अजगराच्या कातड्याच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर निर्बंध असल्याने परदेशी स्पर्धांना जाणाऱ्या शालेय वृंदांना अरहूसोबत परवान्याची कागदपत्रे न्यावी लागतात. हाँगकाँग चिनी वाद्यवृंदाने विकसित केलेल्या पर्यावरणस्नेही हू-वाद्यांत कातड्याऐवजी कृत्रिम पडदा वापरला आहे. त्यावर हवामानाचा परिणाम कमी होतो आणि विभागाचा सूर अधिक स्थिर राहतो. जुन्या वाद्याचा किंचित खरखरीत, मानवी कंठासारखा नाद त्यात तितकासा येत नाही, असे काही वादकांचे मत आहे. कातड्याची आणि कृत्रिम पडद्याची वाद्ये एकाच विभागात मिसळली, तर नाद दुभंगतो. म्हणून शाळा वाद्ये बदलतात तेव्हा बहुधा संपूर्ण विभागाचीच एकदम बदलतात.